सत्तेचाळीस

साठा-तपासणीत कळतं,
घंटा एका कपाटात राहत नाहीत.

ओतकामाचं पुस्तक यंत्रशास्त्रात:
तांबं अठ्ठ्याहत्तर, कथील बावीस,
साच्याला चिकणमाती, घोड्याची लीद,
आणि ओतल्यावर तीन दिवस हात लावायचा नाही.

घंटाघरातला खून कादंबऱ्यांत.
शेवटची सोळा पानं वाळवीने नेली,
त्यामुळे खुनी वेंगुर्ल्यात
अजून मोकळा फिरतो.

मांजराच्या गळ्यातली बालविभागात,
कोपरे कुणीतरी चघळलेले.
देवळांतल्या घंटा धर्मात,
धुक्यात गलबतांना हाका मारणारी प्रवासवर्णनात,
एक कवितासंग्रहही, नावातच घंटा,
आत सगळा विरह.

आणि कॅरिलॉनचं ते जाडजूड इंग्रजी पुस्तक,
बोटीवरून निवृत्त झालेल्या इनास फर्नांडिसनं दिलेलं,
ते 'संकीर्ण'मध्ये, मधमाशीपालनाला खेटून.
एका मनोऱ्यात सत्तेचाळीस घंटा,
आणि एक माणूस खाली बसून
मुठींनी लाकडी दांडे ठोकतो:
चित्र क्रमांक नऊ.

सगळ्यांच्या मागच्या खिशात कार्ड,
कार्डावर एकच नाव:
लवू केळुसकर, सभासद दोनशे चौदा.
विरहाचं एकदा. खुनाचं दोनदा.
कॅरिलॉनचं अकरा वेळा.

लवू हायस्कूलचा शिपाई.
ज्या गावाला आजवर रेल्वे आली नाही
त्या गावच्या शाळेत रुळाचा हातभर तुकडा
आंब्याला टांगलेला,
आणि तो लोखंडाच्या कांबीनं बडवायला लवू,
एकतीस वर्षं.
मग विजेची घंटा आली.
आंब्याला तार रुतल्याचा वळ तेवढा राहिला.

इंग्रजी त्याला येत नव्हतं.
पुस्तक परत करताना एकदा म्हणाला,
"बाय, हेच्यात आवाज खंय आसा?"
मी पाच रेषांवरचे काळे ठिपके दाखवले.
तो बराच वेळ बघत राहिला,
तारेवर बसलेल्या पाखरांकडे बघावं तसा.
"बसलेत," म्हणाला, "उडाक व्हये."

आज ते पुस्तक मी पहिल्यांदाच शेवटपर्यंत उलटलं.
परिशिष्टात घंटांची यादी: वजन, स्वर, साल.
समासात शिसपेन्सिल.
पुस्तकात लिहिणाऱ्यास दंड, हे मीच भिंतीवर लावलंय.

एक, सर्वांत मोठी: सातेरीची, सकाळची.
दोन: चर्चची, माणूस गेल्यावरची.
पाच: बंदरावर लिलावाची, बांगडो इलो काय.
अकरा: बर्फवाल्याची सायकल.
बारा: तीच, उताराक.
अठरा: म्हशीची, काशीबायच्या. म्हस नाय आता.
तेवीस: येष्टीची, डबल.
एकोणतीस: वाचनालयातली, टेबलावरची. बाय दाबूक दिना नाय.

मी थांबले. चष्मा पुसला.
पुढे वाचलं.

चाळीस: शाळेची पयली. एक्केचाळीस: मधली सुट्टी.
बेचाळीस: सुटली.
एकच रूळ, तीन वेगळ्या ओळी,
आणि कुणाला पटत नसेल तर
बेचाळीसच्या खाली दोनदा रेघ.

सेहेचाळीसपर्यंत भरलेलं.
सत्तेचाळीससमोर फक्त
टोक टेकवून उचलल्याचा ठिपका.

लवू मागच्या शिमग्यानंतर गेला.
दोन नंबरची वाजली नाही, तो चर्चचा नव्हता.
शाळेला सुट्टीही नव्हती,
विजेची घंटा वेळेवर वाजत राहिली.

समितीचा शेरा तयारच आहे:
जीर्ण, परभाषेतलं, मागणी नाही, रद्द करावे.
मी खोडलं.
विभाग: स्थानिक इतिहास.
दंड: दोन रुपये, माझ्या पर्समधून,
पावती फाडली रीतसर, लवूच्या नावानं.

मग दुपारचे अडीच.
पंखा फिरतोय, खिडकीतून खारा वारा, सुक्या माशांचा वास.
वाचनकक्षात एकटे निवृत्त तलाठी धुरी
वर्तमानपत्रावर गाल टेकून झोपलेले.

मी एकोणतीस दाबली.

धुरींनी डोळे न उघडताच
पायानं टेबलाखाली चपला शोधल्या
आणि विचारलं,
"सुटली?"