टिटवी, चौथी

पाकीट नौदलाचं. आत एका लेफ्टनंट बाईंची सही:
टिटवी नावाची नवी युद्धनौका फेब्रुवारीत पाण्यात उतरते आहे,
आपण आधीच्या टिटवीवर होता,
स्मरणिकेसाठी चार ओळी लिहाल का?

आमच्यात जहाज मोडीत निघतं, नाव निघत नाही.
ते कुठल्यातरी कपाटात असतं, तेल लावून ठेवल्यासारखं,
आणि वीस-पंचवीस वर्षांनी
दुसऱ्या पोलादावर चढतं.

पहिली टिटवी इथलीच, विजयदुर्गाच्या खाडीतली,
सागाची, दोन डोलकाठ्यांची.
तिला शत्रूनं नाही बुडवलं.
नांगरावर होती, वारा पडलेला,
कोणीतरी दारूच्या कोठाराशेजारी चिलीम पेटवली,
असं आजे सांगायचे, त्यांना त्यांचे.
अजूनही खाडीच्या तोंडाशी जाळं अडकलं
की कोयंड्यांचा म्हातारा म्हणतो, "टिटवीन धरल्यान."

दुसरी इंग्रजांच्या लढाईतली, सुरुंग वेचणारी.
दिवे मालवून चाललेल्या ताफ्यात
आपल्याच एका बोटीनं तिला मधोमध कापलं.
चौकशीत एक कप्तान म्हणाला, मी वळलो होतो.
दुसरा म्हणाला, मीही.

तिसरीवर मी. अंकुश जुवाटकर, इंजिनखोली,
बिल्ला एकशे बारा.
आई म्हणालेली, "असला नाव कोण ठेवता रे बोटीक?
टिटवी राती वराडली की म्हातारी माणसा उठान बसतत."
साहेब म्हणायचे, अहो, टिटवीनं समुद्र आटवला होता!
पक्षी एकच.

शिडीपाशी एक फळा असतो.
पितळी बिल्ले, एका अंगानं लाल, एका अंगानं पांढरे.
जहाजात आहात तोवर लाल.
उतरताना उलटवायचा.
एक बोट पुरतं.

त्या रविवारी गोदीत पाणी घेत होते.
मी जेवायला सटकलो, कोपऱ्यावरच्या खानावळीत बांगडा होता,
हात ग्रीसनं भरलेले.
बिल्ला राहिला.
एक वाजून दहा मिनिटांनी टिटवीनं कूस बदलली,
काही ठोकळे तडकले म्हणतात, मी ऐकलं नाही.
फळा वर आणला तेव्हा सात लाल होते.
सहा जण सापडले, खोकत, शिव्या देत.
सातव्यासाठी पाणबुडे उतरले,
दोनदा, मग तिसऱ्यांदा.

मी गोदीच्या काठावर होतो. मुठीत बडीशेप.
पुढच्याला विचारलं, कोण राहिलंय आत?
तो मागे न बघता म्हणाला,
जुवाटकर.

मी लगेच ओरडलो का, हे चौकशीत विचारलं.
मी हो म्हणालो.
लिहून घेतलं.

तिसऱ्यांदा उतरलेला लुद्रीक डान्टस, वेंगुर्ल्याचा,
त्याची दोरी ओढली तेव्हा हलकी आली.

आता बाई, चार ओळी.
नाव बुडते आणि नाव राहतं,
हे तुम्हाला शाळेत शिकवलं असेल,
व्याकरणाच्या तासाला, लिंगभेद म्हणून.
मानचिन्हावर पक्षी छान काढा. पाय लांब असतात त्याचे.
हल्ली बिल्ले नसतात, कार्ड असतं म्हणे.
तरी ते यंत्र अशा जागी लावा
की भुकेल्या माणसाचा हात आपोआप लागेल.
आणि यादीत लुद्रीक सापडणार नाही तुम्हाला.
तो गोदीचा माणूस.
टिटवीवर त्याची नेमणूक कधीच नव्हती.
तो फक्त आत गेला होता.

मोजल्या तर चारांहून जास्त झाल्या. तुम्ही कापाल.

पाकीट चिकटवलं.
दारामागच्या खिळ्यावरचा एकशे बारा उलटवला,
पोस्टात जाऊन आलो.
संध्याकाळ होत आली,
अजून पांढराच आहे.