पाचवा ट्रॅक

त्या हिवाळ्यात कुताइसीत वीज यायची
रात्री एकला, आणि जायची तिच्या मर्जीने.
तेवढ्यात पाणी तापवायचं, इस्त्री, पाव,
जुजुनाकाकूंचं केस वाळवायचं यंत्र भिंतीपलीकडे,
आणि आमच्याकडे बद्रीची सीडी.

संगणक त्याने आणलेला
बंद पडलेल्या ट्रक-कारखान्याच्या हिशेबखात्यातून,
दोन पोती हेझलनट देऊन.
त्याच्या पोटात अजून कुणाकुणाचे पगार होते,
न मिळालेले.

आई थेस्सालोनिकीत, एका म्हातारीची शुश्रूषा करायला.
फोनवर म्हणाली, गाणी नकोत रे,
गाणी इथेही आहेत.

म्हणून मग आम्ही घर भरलं.
आधी कॅसेटवर, मग वायरीतून संगणकात:
जिन्याचं दार. रिओनी नदी, पूर आलेली, खिडकी उघडून.
बाबा पत्त्यांत हरताना.
जुजुनाकाकू अक्रोड फोडताना
(त्यांनी त्यासाठी लिपस्टिक लावली होती).
पाचवा, ओतियाआजोबांचा खोकला.
ते म्हणाले, हे काय पाठवायचं असतं?
बद्री म्हणाला, खोका.

चारच्या वेगाने अठरा मिनिटं.
ह्याहून घाई केली तर चकती बिघडते,
आणि एका चकतीत तीन पाव येतात.
बद्रीचा हुकूम: फ्रिजची वायर काढा.
माऊसला हात नको. कुणी चालायचं नाही,
फळ्या हलतात, टेबल हलतं.
तान्हं नुकतं डोळा लागून पडलेलं असावं
तसे आम्ही, जिथल्या तिथे.
बाबा एक पाय चपलेत, एक पाय बाहेर.

निळी पट्टी मुंगीच्या पायाने सरकत होती.
आत प्रकाश काहीतरी लिहीत होता
जे पुन्हा खोडता येत नाही, असं बद्री म्हणायचा,
जणू त्यानेच शोध लावलाय.

आणि आजोबांना खोकला आला.

खरा.
त्यांनी लोकरीची टोपी तोंडात कोंबली,
डोळ्यांतून पाणी, मान लालबुंद,
तिकडे यंत्रात त्यांचाच खोकला उतरत होता
आणि इकडे ते तो गिळत होते.
मी हसले असते.
पण हसायलाही बंदी होती.

एक्क्याण्णव टक्क्यांवर दिवे गेले.

अंधारात कुणी काही बोललं नाही.
मग आजोबा खोकले, मोकळे, सावकाश,
महिन्याभराचं एकदम.

ती चकती मी बाल्कनीतल्या वेलीला बांधली,
द्राक्षांवर येणाऱ्या साळुंक्यांसाठी.
द्राक्षं नव्हतीच तेव्हा.
नंतर दुसरी बांधली. मग आणखी दोन.
वाऱ्यात ती अर्धवट घरं गरगर फिरायची,
समोरच्या इमारतीवर त्यांचे कवडसे,
आणि समोरचे लोक पडदे ओढून घ्यायचे.

पाचवी निघाली.
बशी बाहेर आली तेव्हा चकती कोमट होती.
बद्रीने वर पेनने काहीच लिहिलं नाही,
शाई आत झिरपते म्हणे.
बसवाल्या गेलाला दिली, वाटेत दोन सीमा,
वर एक बाटली त्याच्यासाठी.

तीन आठवड्यांनी आईचा फोन.
बरी आहे. पोचली. खरचटलीय, पण वाजते.
नदी मात्र फार मोठ्याने झालीय, ती म्हणाली,
नळ उघडा राहिला असं वाटून मी दोनदा उठले.
मग थांबली.
मग सांगितलं त्या म्हातारीचं, किरिया डेस्पिनाचं:
एका कानाने बहिरी, नवरा जाऊन अकरा वर्षं.
रोज दिवेलागणीला म्हणते, पाचवं लाव.
खोकला ऐकू आला की उठते,
भिंतीला धरत धरत,
आणि दुसरं ताट मांडते.

मी हे सगळं आजोबांना सांगितलं.
ते बराच वेळ टोपी हातात फिरवत राहिले.
अंगठ्याने मिशी सारखी केली,
एकदा, परत एकदा.
मग बद्रीकडे न बघता म्हणाले,
विचार तुझ्या आईला,
ताटात काय वाढते ती?