अर्धी गोष्ट

सकाळी सोनाळच्या ठाण्यात शिपायांच्या दाढ्या,
रात्री नदीपलीकडे, रानात, बंडवाल्यांच्या.
वस्तरा एकच. गोष्टीही त्याच.

त्या दिवशी इनास शिपायाला सांगत होतो,
रेजिदोराच्या बोकडाने सरकारी शिक्का कसा गिळला,
एवढ्यात तेनेंतीने मला हाक मारली.
इनासचा एक गाल साबणातच राहिला
आणि गोष्ट बोकडाच्या पोटात.

मध्यरात्री म्हादईवर पहारा.
इनासला राहवेना. काळोखात ओरडला,
आमच्याच बोलीत :
"अरे, त्या बोकडाचं पुढं काय झालं?"

बराच वेळ नुसतं पाणी.
मग पलीकडून झिलू, सर्दीने बसलेल्या आवाजात :
"व्हायचं काय! आता लेंडी लेंडीवर शिक्का,
आणि दर लेंडीला कर!"

अलीकडे हसले. पलीकडे हसले.
इनास तर बंदूक खाली ठेवून.

तेनेंतीला बोली कळत नव्हती.
हसू कुठून येतंय, तेवढं कळलं.
"तिकडे," तो म्हणाला, "झाडा."

झिलूची शेवटची दाढी मीच केली.
गालावर हसण्याची एक घडी राहिली होती,
वस्तरा तिथं अडत होता.

इनास अजून येतो.
गाल पुढं करतो,
गोष्ट मागत नाही.