घासाघीस

अंगणातली माती पाच सेंटिमीटर खरवडून नेली
त्याला आता अकरा वर्षं झाली.
निळ्या पिशव्या, प्रत्येकीवर नंबर.
आमची ४४१७.
आईनं तो रेशनकार्डाच्या मागे लिहून ठेवलाय,
उधारीच्या हिशेबाखाली.

तिचं म्हणणं एवढंच :
न्हाणीशेजारच्या दगडाखाली
आम्हा तिघांच्या नाळा पुरल्या होत्या,
त्याही त्यात गेल्या.
सरकारला हे कुणी सांगितलंय का?

मी नाही सांगितलं. मी फॉर्म भरले :
घर, होडी, जाळी,
वलांडीवरचे बोंबील, किलोमध्ये.
नाळेसाठी रकाना नव्हता.

ट्रॉम्ब्याला वर्षातून एकदा सोडतात, दोन तास.
चपलांवर प्लास्टिक, गळ्यात बिल्ला.
तिवरं गल्लीत शिरलीत,
पद्मीकाकूच्या ओट्यापर्यंत.
आणि निवट्या! एवढ्या निवट्या
आईच्या लहानपणीही नव्हत्या म्हणे.
चिखलावर डोळे वर काढून बसलेल्या,
कुणी पकडणार नाही हे कळल्यासारख्या.
फ्लेमिंगो गुलाबीच आहेत.
मी उगीच घाबरले होते.
खाडी आमच्यावाचून बरी दिसते,
हे आमच्यातलं कुणीच मोठ्यानं बोललं नाही.

आईचा हात सवयीनं चिखलाकडे गेला.
मनगटावरचं यंत्र किरकिरलं.
ती त्याला म्हणाली, गप रे.

परतताना देवनारच्या कुंपणाशी
तिनं बस थांबवायला लावली.
कचऱ्याच्या डोंगरामागे आमची माती,
ताडपत्रीखाली, थरावर थर.
राखणदार नवा, विशीतला,
खिशावर शिवलेलं नाव : रेवण हाके.
"आत नाही जाता येणार, मावशी."
"मग कधी?"
त्यानं वळून बोर्ड वाचला.
"तीनशे वर्षं तरी."

चाळीस वर्षं भाऊच्या धक्क्यावर बसलेली बाई.
पहिल्या भावाला हो म्हणणं
तिला कधी जमलंच नाही.
कमरेवर हात ठेवून म्हणाली,
"तीनशे? काय तरी कमी कर."

तो हसला.
मग हसायचा थांबला,
कारण ती उत्तराची वाट पाहत होती.

"माझ्या हातात नाही, मावशी."
"बरं, दोनशे," ती म्हणाली,
"आणि ४४१७ सगळ्यात खाली नको दाबूस."

ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता.
पोरानं पेन काढलं,
नंबर तळहातावर लिहून घेतला,
दोन चारांनंतर सात की एक,
परत विचारून.