सप्लाय परत येताना

डबा काळा. बटण दाबलं की टिक्‌सुद्धा नाही.
शाल्मली म्हणाली, आबा, तुम्ही लाईटवाले ना, बघा की.

लाईटवाला होतो. चौतीस वर्षं.
पद्मावती, धनकवडी, वर कात्रजपर्यंत
कुठल्या डीपीचं दार कसं कुरकुरतं
झोपेतसुद्धा सांगेन अजून.
पण हे टीव्हीखालचं, पंचांगाच्या गठ्ठ्याएवढं,
ना फ्यूज दिसतो, ना स्क्रूला ओळखीची खाच.

तरी माझ्या पद्धतीनं निघालो, खांबाकडून घराकडे.
सॉकेटमध्ये टेस्टर घातला, लागला.
एक्स्टेंशन बोर्ड काढून थेट भिंतीत. नाही.
माळ्यावरच्या टेपरेकॉर्डरची वायर,
आठाच्या आकड्यासारख्या तोंडाची,
बसली चपखल. पण नाहीच.
मागच्या जाळीत फुंकर मारली:
धूळ, आणि झुरळाचा एक पाय.

मग उलट्या हातानं डबा चाचपला.
नात हसली. ताप बघताय का त्याचा?
म्हटलं, तळहात लावला आणि करंट असला
तर मूठ मिटते, तार सुटत नाही.
उलटा लावला की हात आपोआप मागे येतो.
अहो पण बंद आहे ना तो, तेच तर झालंय!

बंद.
बाळू खुटवडलाही बंदच सांगितली होती लाईन.
कुणाच्या तरी हळदीचा जनरेटर
उलटा चढला तारेवर.
हे तिला सांगितलं नाही. नऊ वर्षांची आहे.

संध्याकाळी तिच्या मैत्रिणीच्या दादाचा फोन:
वायर काढा, बटण तीस सेकंद दाबून धरा,
आत उरलेला करंट निघून जातो.
मी खुर्चीत सरळच झालो. अरे, हे तर आमचंच!
हात घालायच्या आधी तारेला रॉड टेकवायचा,
उरलंसुरलं जमिनीत जाऊ द्यायचं.
तिच्या अंगठ्यावर माझा अंगठा ठेवला.
ती इंग्रजीत मोजत होती, मी मराठीत.
तिचे तीस आधी झाले.
डबा तसाच.

शुक्रवारी तपकीर गल्ली. जिना चढून अश्पाक बागवानचं टेबल.
झाकण उघडलं आणि तो वास आला,
मला नाव विचारायची गरज नाही त्या वासाचं.
कधीपासून, काका?
कालपासून. काल गुरुवार, लाईट नव्हते दिवसभर.
मग झालं तर, म्हणाला, सोल्डरचा धूर तोंडापासून बाजूला सारत.
जातात तेव्हा काही होत नाही, काका.
येतात ना, तेव्हा जळतं. उडी मारून येतात.
अठराशे होतील.
मी घासाघीस केली नाही.

स्वारगेटच्या बसमध्ये डबा मांडीवर.
किती गुरुवार असे, पाच, सव्वापाच,
मी हँडल वर ढकलायचो
आणि गल्लीगल्लीतून उठायचं, "आले!"
बिऱ्हाडंच्या बिऱ्हाडं ओरडायची, पोरं ताटं वाजवायची.
कुणाला मी दिसत नसे.
पण तो आवाज माझाच होता, पगाराइतकाच.
त्या ओरड्याखाली
कुणाचा फ्रीज, कुणाचा हप्त्यावरचा टीव्ही
टिक्‌ झाला असेल,
खांबावर ते ऐकू येत नाही.

डबा चालतो आता. शाल्मलीची गाडी
दर दोन मिनिटांनी कड्यावरून खाली पडते
आणि रस्त्यावर पुन्हा नवीकोरी उभी राहते.

गुरुवारी लाईट गेले की मी उठतो,
घरभर फिरून प्लग काढतो, मेन खाली करतो.
सून म्हणते, आबांचं काहीतरीच.
येतात तेव्हा समोरची सोसायटी मजल्यामजल्यानं उजळते,
वरचे जोशी पंखा सोडतात पाचावर,
आमच्याच घरात अंधार.
आबा, आले ना!
थांब, म्हणतो. नीट येऊ दे आत. बसू दे.
शंभरापर्यंत मोज. मराठीत.
ती मोजायला लागते.
एकोणऐंशीला अडखळते,
पुन्हा सत्तरपासून.