उघाडी

सारसोळ्याची धर्मीमावशी सेक्टर सांगत नाही.
रिक्षावाल्याला म्हणते, "मोठ्या उघाडीवर सोड."
तो गोंधळतो. तिथे आता जिम आहे.

नवरा मिठागरात फळी ओढायचा,
टाचांच्या भेगांत मीठ घेऊन झोपायचा.
एक जिताडा अख्ख्या साखरपुड्याला पुरायचा.
आता भरतीबरोबर चपला येतात, थर्माकोल,
आणि थंडीत रोहित, हजारांनी.
"ही गुलाबी पाखरं आमचे टायमाला नव्हती.
पावनी हान. रव्हूदे."

रात्री दोनला कोल्हा येतो,
तिवरांतून वर, पार्किंगमधून सरळ,
आणि ट्रान्सफॉर्मरपाशी उगाच डावीकडे वळतो.
वॉचमन हसतो:
येडा आहे, समोर एवढा मोकळा रस्ता!

मावशी गॅलरीत जागीच असते.
तिथूनच वळायचा
बांध.