दोष क्रमांक ४११७

वूच शहरातल्या जुन्या सूतगिरणीत, तिसऱ्या मजल्यावर,
जिथे एके काळी माग खडखडायचे,
तिथे आता आम्ही सोळा जण बसतो, कानांवर हेडफोन.
माझं काम सोपं : खेळ मोडून दाखवायचा.
भिंतींना धडका द्यायच्या, कोंबड्यांशी वाद घालायचा,
राजवाड्यात उलट्या पावली शिरायचं
आणि काय बिघडलं ते सुवाच्य लिहून ठेवायचं.

त्या खेळात एक पूल आहे.
पुलावर एक म्हातारा, खुर्ची टाकून.
जवळ गेलं की खाकरतो :
"पूल माझा नाही. नदी तर मुळीच नाही.
पण खुर्ची माझी आहे. काढा दोन नाणी."

हे लिहिलं गावेऊने,
जो स्वतः कधी हसत नाही,
रोज बिटाचं सूप आणतो आणि रोज सांडतो.
आवाज लुत्सियान आजोबांचा. आयुष्यभर ट्राम चालवली त्यांनी.
ध्वनिमुद्रणाच्या दिवशी काच ठोठावून विचारलं,
"हा माणूस पैशांचं करतो काय?"
गावेऊ म्हणाला, "साठवतो. दुसरी खुर्ची घ्यायचीय त्याला."
"कोणासाठी?"
"ते अजून लिहिलं नाही."
"मग ठीक," आजोबा म्हणाले,
आणि एका दमात बोलून, टोपी घालून, घरी गेले.

पहिल्यांदा ऐकलं तेव्हा चहा नाकातून आला माझ्या.
दहाव्यांदा नुसते ओठ हलले.
चाळिसाव्यांदा विनोदाचा चोथा.
तीनशेव्या वेळी मी म्हाताऱ्याला पुलावरून ढकललं.
पडता पडता तो म्हणाला, "पण खुर्ची माझी आहे."
मी तेही लिहून ठेवलं.

मग नोव्हेंबरातली ती संध्याकाळ,
पावणेचारलाच काळोख,
आणि पडद्यावर राणी मरत होती.
नऊ मिनिटं मरते ती. मध्ये थांबवता येत नाही.
सरदार गुडघ्यांवर, मेणबत्त्या, व्हायोलिन
(संगीतकार म्हणे स्वतःच रडला होता, दोनदा).
राणीने हात उचलला :
"माझ्यामागे... या राज्याचं..."

कोणीतरी खाकरलं.

पलंगाशी, सरदारांच्या मधोमध,
खुर्चीसकट तो.
कुठली फट सापडली त्याला, कुठल्या आकड्यातून घसरला, देव जाणे.
"पूल माझा नाही," तो राणीला म्हणाला.
"नदी तर मुळीच नाही."

आणि राणीने पैसे दिले.
खण्. खण्.
यंत्राचा नियमच तसा : मागितले की वजा होतात.
मग तिने डोळे मिटले, ठरल्या सेकंदाला.

मी खुर्चीवरून खाली.
बार्नाबा धावत आला, त्याच्यामागे रंगकाम करणाऱ्या दोघी,
आम्ही ते अकरा वेळा पाहिलं,
पोट धरून, भिंत धरून, एकमेकांना धरून;
कोणाची तरी उचकी थांबेना.
तीनशे वेळा मेलेला विनोद
नेमका मरणाच्या दारात उठून बसला होता.

दोब्रोस्वावाबाई आल्या. पाहिलं. हसल्या नाहीत
(नंतर जिन्यात हसल्या, मी ऐकलं).
"गंभीर प्रसंगाचा विचका. उद्यापर्यंत दुरुस्त."
गावेऊ उभा राहिला, सदऱ्यावर बीट.
"राहू द्या."
"का?"
त्याने बराच वेळ पडद्याकडे पाहिलं.
"तिने दिली ना नाणी."

यावर कोणाला काही सुचलं नाही.
बाहेर एक ट्राम वळली, घंटा वाजवत.

चार बैठका झाल्या. एकीत आरडाओरडा.
आता नोंदवहीत ४११७ पुढे लिहिलंय :
*दोष नाही. असंच आहे.*
व्हायोलिन मात्र थोडं हळू केलंय,
खाकरणं नीट ऐकू यावं म्हणून.

काल जेवून आले तर माझ्या जागेवर गावेऊ,
काहीतरी खोडत बसलेला.
मी काही बोललेच नाही, नुसती खाकरले.
त्याने मान वर न करता खिसा चाचपला
आणि टेबलावर ठेवलं :
एक झ्लोटी,
आणि कोटाचं एक बटण.